पडद्यावर सगळ्यांचे डोळे परत येतात

आर्वी, एस.टी. डेपो
मंगळवार, २० जानेवारी २०२६

आईले चंदनचा वाकून नमस्कार. काजलले आशीर्वाद. (ती म्हणेल, तुह्या आशीर्वादानं बारावी निघत नाई. तरी घे.)

मी बरा आहो. खोकला होता, गेला. जेवण वेळेवर होते, म्हणजे वेळ कोणती ते ठरलेलं नाई, पण होते. पिपरीले थंडी कशी आहे? इकडं सकाळी बोटं आखडते. डेपोच्या फाटकाजवळ लोक शेकोटी करते, त्यात मीही घुसतो. आज एका बाईची बकरी बी घुसली होती, अन् तिले कोणी हाकललं नाई, मले मात्र दोघांनी विचारलं की तू कोणत्या गाडीचा.

फोन असताना हा पोट्टा पत्र काऊन लिहून राह्यला, असं तू म्हणशील आई. परवाच तर बोललो. पण फोनवर तू "कधी येतो" म्हणते अन् माह्या तोंडून "येतो येतो" आपोआप निघते. कागदावर तसं निघत नाई, हात दुखते म्हणून माणूस कामाचंच लिहिते, असं मले वाटलं होतं. आता पाह्य, अर्धं पान झालं अन् बकरीच चालू आहे.

हे पाकीट किसनराव कंडक्टरजवळ देतो. अकराच्या वर्धा गाडीवर ते आहे, अन् त्याईचं घर आपल्या मागच्याच गल्लीत. दुपारच्या जेवणापर्यंत पाकीट पोचून जाईन.

काजल, तुही सवय मले माहीत आहे. आलेलं पत्र तू आधी पूर्ण मनातल्या मनात वाचते, मंग आईले मोठ्यानं. तसंच कर. जिथं कंस आहे ते तुह्यासाठी. ते आईले वाचून दाखवू नको.

तर कामाचं. अण्णाजी आठवते ना आई? भादव्यात आपल्या शाळेच्या पटांगणात पडदा बांधाले आलते ते टोपीवाले म्हातारे, ज्याईले तू म्हटलं होतं की बुवा तुमचा आवाज अजून भोंग्यावाणी आहे. त्याईच्याच संगं आहो. साडेचार महिने मी एका कामात टिकलो हे तुले खरं वाटणार नाई. मोबाईलच्या दुकानात मी अकरा दिवस होतो, मंडपवाल्याजवळ दीड महिना. इथं रोज गाव बदलते, म्हणूनच टिकलो असन.

काम तेच. एक संस्था गावोगाव डोळे तपासणीचं शिबिर घेते. आदल्या संध्याकाळी आम्ही सिनेमा दाखवतो, म्हणजे लोक जमते अन् सकाळी तपासाले येते. सिनेमे शंभर वर्षांपूर्वीचे, परदेशातले, मुके, अन् निवडून निवडून आंधळ्या माणसायचे. अण्णाजीचे वडील जुन्या काळी तंबूतल्या सिनेमात पडद्याजवळ उभे राहून गोष्ट सांगत. तेच अण्णाजीनं उचललं, अन् दम लागाले लागला तेव्हा माईक माह्या हाती देला. सिनेमात मधीमधी काळी पाटी येते, तिच्यावर कोण काय बोललं ते इंग्रजीत लिहून असते. ती पाटी वाचून मराठीत सांगाची. एवढंच काम आहे, बसून खाल्ल्यासारखं.

(काजल, मले इंग्रजी किती येते ते तू सांगाची गरज नाई. अण्णाजीले बी येत नाई, त्याईनं त्याईच्या बापानं सांगतलेलं पाठ केलं होतं, पण हे सिनेमे त्यातले नाई. पाटी आली की मी माणसायची तोंडं पाहतो अन् जुळन ते बोलतो. आतापर्यंत कोणी धरलं नव्हतं.)

आई, तू त्या दिवशी एकच पाह्यला, टोपल्या विणणाऱ्या आंधळ्या बाईचा, डॉक्टर शेवटी तिच्या डोळ्यावरची पट्टी फेर फेर काढते तो. आता तीन झाले. दुसऱ्यात एक ढोंगी भिकारी आहे. गळ्यात पाटी, काळा चष्मा, हातात काठी. चौकात बसते, अन् पोलीस दिसला की त्याचे डोळे परत येते अन् तो पळते. ह्याले पोरं लय हासते. तिसरा एका म्हाताऱ्या घड्याळवाल्याचा. त्याले दिसत नाई, पण भिंतीवरच्या घड्याळाचे टोले ऐकून तो दिवस मोजते. त्याचा पोरगा भटक्या आहे. त्याले बाहेर जाचं असलं की तो घड्याळाचा लोलक हातानं थांबवून ठेवते, म्हणजे टोले पडत नाई अन् बापाले वाटते की अजून संध्याकाळ झालीच नाई, पोरगा इथंच कुठं तरी असन. पोरगा परत येते, लोलक हालवते. बाप खुश. शेवटी म्हातारा जिन्यावरून पडते, डोक्याले मार लागते, अन् त्याले दिसाले लागते. पहिल्यांदा त्याले दिसते ते बंद घड्याळ.

हा सिनेमा मी आधी हसवून सांगत होतो. पोरगा चोरपावलानं चालते तिथं मी तोंडानं आवाज काढत होतो. आता काढत नाई. लोकायले तो आवडत बी नाई फारसा.

इतक्या वेळा पाह्यले की मले आता गोष्ट दिसत नाई, नुसते डोळेच दिसते. ते लोक आंधळ्याचं काम कसं करते सांगू? समोरच्याच्या डोक्यावर वीतभर उंच पाहते, जशी तिथं पाल बसली आहे. हात दोन्ही पुढं. चालणं असं की पाण्यात उतरून राह्यले. बाई असली तर पांढरे कपडे अन् केस मोकळे, अन् तिले राग कधीच येत नाई. कोणी ढकललं तरी हासते. तू आई, उजव्या बाजूनं दाराच्या चौकटीवर आपटली की चौकटीच्या सात पिढ्या काढत होती. तसं तिथं कोणी नाई. तशी बाई दाखवली असती तर मले ते सिनेमे जास्त आवडले असते.

अजून एक गंमत. सिनेमा मुका आहे. म्हणजे त्या आंधळ्या बाईले जे ऐकू येते, ते आपल्याले ऐकू येत नाई. दार वाजते, तिची मान वळते, तेव्हा आपल्याले समजते की वाजलं. अन् दारात कोण उभं आहे ते आपल्याले दिसते, तिले नाई. मी मधात माईक घेऊन उभा. मी म्हणलो दारात तिचा भाऊ आहे, तर भाऊ. मी म्हणलो चोर, तर चोर. लोक ऐकून घेते.

कुठं होतो मी? हां, टिकाराम दादाजी.

मागच्या आठवड्यात आर्वीपलीकडं एका गोंडांच्या गावात होतो. तिथं टिकाराम नावाचे एक म्हातारे, पूर्ण आंधळे, पडद्याकडं पाठ करून बसले. अण्णाजी म्हणे, बुवा तोंड इकडं करा. ते म्हणे, "मले कुठं पाह्याचं आहे, वारा तिकडून येते." मांडीवर सुताची गुंडी, दोर वळत होते. बोटं थांबलीच नाई पूर्ण सिनेमाभर. मी सांगून राह्यलो, बाई घरातून चालते, हात पुढं करून चाचपडते. त्याईनं मधीच विचारलं.

"कोणाच्या घरात?"

"सोताच्याच, दादाजी."

"सोताच्या घरात हात पसरून चालते?"

"हो."

"मंग ते आंधळी नसन. पाहुणी असन."

बाया इतक्या हासल्या की मले माईक खाली ठेवावा लागला. अण्णाजी मले म्हणे, "अबे, त्याईले दे माईक, तुह्यापेक्षा बरं सांगन."

संपल्यावर वायर गोळा करत होतो, तर म्हाताऱ्यानं आवाज देला. म्हणे, इकडं ये बाबू. बसलो.

"तिन्ही सिनेम्यात डोये परत आले ना?"

"आले."

"पडद्यावर सगळ्यायचेच येते काय?"

"येते, दादाजी."

"बरं आहे," म्हणे. अन् पुन्हा दोर वळाले लागले.

(काजल, इथून पुढचं वाचू नको. आईले सांग की म्हाताऱ्यानं मले एक दोर भेट देला, बाज बांधाले. तेही खरंच आहे, दोर पिशवीत आहे.

त्याईनं मंग सांगतलं, की डोळा जड झाला होता, दिव्याभोवती रंगीत कडं दिसे, तेव्हा घरच्या एका जणानं सांगतलं होतं, दादा हा मोतीबिंदू आहे, पिकू दे, मंग ऑपरेशन करू. त्याईनं दोन वर्षं पिकवला. मंग गाडीत बसून दवाखान्यात गेले. डॉक्टरीण म्हणे, हा पिकाचा नव्हताच, हा काचबिंदू होता, आत नस वाळून गेली, आता काई होत नाई.

मी विचारलं, "सांगणारा कोण होता?"

म्हणे, "भाचा माहा. चांगला पोट्टा आहे. त्यानं काई वाईटासाठी थोडंच सांगतलं."

त्या रात्री मले जेवण गेलं नाई. सगळे म्हणे ह्याले हिवताप आला.)

आई, तिथं संत्री लय सुंदर आहे. आंबट गोड, साल पातळ. तुह्यासाठी चार पिशवीत ठेवली आहे.

(काजल, कंस. दुसऱ्या दिवशी सकाळी शिबिर होतं. तिथं समीक्षा नावाची एक पोरगी आहे, भिंतीवरचा तक्ता दाखवून लोकायची नजर तपासते. नाशिककडची, चष्मा लावते, लय शिस्तीची. तिनं आदल्या संध्याकाळी सिनेमा पाह्यला होता. मले म्हणे, "दादा, राग नका मानू, पण ऑपरेशनच्या आधी जी पाटी येते ना, तिच्यावर तुम्ही सांगता ते लिहिलेलं नाही."

मी म्हणलो, "थोडं इकडं तिकडं होते."

"इकडं तिकडं नाही. उलटं आहे. डॉक्टर म्हणतो, आणखी एक महिना उशीर केला असता तर माझ्या हातात काही उरलं नसतं. आणि तुम्ही काय सांगता? औषधं बंद कर, डोळा पूर्ण पिकू दे. लोक हे ऐकून घरी जातात, आणि सकाळी आमच्याकडे येतच नाहीत."

मी म्हणलो, सिनेमातली बाई आहे, तिले मोतीबिंदू असन. ती म्हणे, "मोतीबिंदूलाही आता पिकायची वाट पाहत नाहीत. आणि काचबिंदू तर पिकतच नाही दादा, तो खात जातो. गेलेलं परत येत नाही."

मी विचारलं, एखाद्याचा उजवा गेला असन, अन् डाव्याचे थेंब चार साडेचार महिने बंद असन, तर? तिनं चष्मा काढला. मंग हळूच म्हणे, "कोण आहे?"

मी सांगतलं, सिनेमातली बाई.)

किसनराव येऊन विचारून गेले, झालं काय रे तुहं. साडेदहा वाजले. मी म्हणलो एकच पान उरलं. ते म्हणे, "माह्या लग्नाची पत्रिका बी एवढी लांब नव्हती." चहा देऊन गेले. चांगला माणूस आहे.

आई, आता मी कंस लावत नाई. काजल, हे सगळं वाच.

मागच्या वर्षी होळीच्या आधी तुले सावंगीले दाखवलं. मेसमधल्या पोरायच्या भातात खडे निघाले लागले म्हणून मालकानं तुले टोकलं होतं. तू म्हणे तांदूळच खराब आला. मी पाह्यलं होतं, तू ताटाच्या डाव्या बाजूचे खडे वेचत होती अन् उजवी बाजू तशीच राहात होती. दवाखान्यात तुह्या डोळ्यात बाहुली मोठी कराचं औषध टाकून बाकावर बसवलं, अन् डॉक्टरनं मले आत बोलावलं. त्याईनं नीट सांगतलं, घाई केली नाई, कागदावर चित्र काढून दाखवलं. म्हणे, काचबिंदू आहे. उजवा डोळा गेला, तो परत येणार नाही. डाव्यात अजून बरीच नजर आहे, ती राखता येईल. सकाळ संध्याकाळ थेंब, एक दिवस न चुकवता, जन्मभर. दर तीन महिन्यांनी दाखवायचं. मंग त्याईनं विचारलं, घरात कोण असतं?

मी म्हणलो, मी असतो.

बाहेर आलो. तू माह्या आवाजाकडं तोंड केलं.

"काय म्हणे रे?"

"मोतीबिंदू आहे. पिकला की ऑपरेशन."

"अन् हे थेंब?"

"तोवर टाकाचे."

"मंग येते ना पूर्ण?"

"पूर्ण येते."

तू म्हणे चाल, चहा पेऊ. तू दोन कप पेली अन् चहावाल्याले बी सांगतलं की पिकला की ऑपरेशन आहे.

मी असं काऊन सांगतलं? आतापर्यंत मी सोताले सांगत होतो की तुले वाईट वाटू नये म्हणून. तेही असन थोडं. पण खरं सांगतो आई. डॉक्टर जन्मभर म्हणे, अन् घरात कोण असतं म्हणे, तेव्हा मले ते खोलीचं दार बंद होताना ऐकू आलं. सकाळ संध्याकाळ, रोज, एका जागी. बाबा गेले तेव्हापासून मी त्या दाराले भीत होतो. मोतीबिंदू म्हणलं की एक दिवसाचं काम. ऑपरेशन झालं की मी मोकळा.

होळीपासून भादव्यापर्यंत मीच थेंब टाकले. सहा महिने. एवढे दिवस मी घरी कधी राह्यलो नव्हतो. तुले वाटलं पोरगा सुधारला.

मंग अण्णाजी भेटले. शाळेच्या पटांगणावर सिनेमा ठरला अन् त्याईनं मले विचारलं, येतो काय संगं? त्या दिवशी सकाळी मी थेंब टाकले तेव्हा तू म्हणे, "तू गेला तर थेंब कोण टाकन रे, काजल सहा वाजताच शिकवणीले जाते, माह्या हातानं गालावरच पडते." दिवसभर तेच डोक्यात.

संध्याकाळी तू पहिल्या ओळीत बसली. मान वाकडी, डावा डोळा पुढं, जशी नळीतून पाहून राह्यली. पडद्यावर डॉक्टरनं त्या बाईची हनुवटी धरली अन् बोलला. पाटी आली. पांढरी अक्षरं. मले वाचता आली नाई, हे खरं आहे. पण मी जे बोललो ते चुकून बोललो नाई. मी तुह्याकडं पाहून बोललो. माईकवर म्हणलो, "डॉक्टर म्हणते, बाई, औषधं बंद कर, डोळा पूर्ण पिकू दे, मंगच मी हात लावतो." दोन मिनिटानं पट्टी निघाली, बाईले दिसलं, लोकायनं टाळ्या वाजवल्या. तूही वाजवल्या.

घरी येऊन तू थेंबाची शिशी उचलली. म्हणे, "ऐकलं ना? ह्या थेंबानंच पिकाले वेळ लागून राह्यला असन." मी पिशवी भरत होतो. तू माही वाट पाह्यली, मी काईतरी बोलन म्हणून. मी पिशवीची चेन लावली. तू शिशी देव्हाऱ्यात गणपतीच्या मागं ठेवून देली. दुसऱ्या दिवशी मी अण्णाजीसंगं कारंज्याले गेलो.

त्याच्यानंतर मी दुसऱ्या गावांतही तेच बोलत राह्यलो. एकदा बोललो की ते पाठ होते. किती लोकायनं ऐकलं असन, मले माहीत नाई.

काल अण्णाजीले सगळं सांगतलं. त्याईनं माईकचा वायर पूर्ण गुंडाळला, दोऱ्यानं बांधला. मंग म्हणे, "माहा बाप म्हणे, पाटी समजली नाई तर गप बसाचं. लोक सोताच काई समजून घेते." अन् माईक त्याईनं आपल्या पेटीत ठेवला. मले परत देला नाई. मी मागितला बी नाई.

आता परवाच्या फोनचं. तू म्हणे, "चंदन, एक आनंदाची गोष्ट सांगू? डावा बी पिकत आला. आता बल्ब लावला तर नुसता उजेड दिसते, बल्ब नाई दिसत. महिन्याभरात होऊन जाईन. तू ऑपरेशनचं पाहून ठेव." इतकी खुश होती तू. मले वाटलं फोन कानाले चिकटला. अन् मी काय म्हणलो? मी म्हणलो, "बरं."

आई, तो पिकून नाई राह्यला. तो जाऊन राह्यला. उजवा गेला, तो येत नाई, त्याचं ऑपरेशन नाई. डाव्यात जेवढं उरलं तेवढंच तुहं आहे. आज सकाळी मी समीक्षाले फोन करून खरं सांगतलं, की सिनेमातली बाई माही आई आहे. ती म्हणे, उजेड दिसतो म्हणजे अजून काहीतरी आहे, पण आजच न्या, उद्या नाही.

म्हणून काजल, आता ऐक. पाकिटासंगं थेंबाची नवी शिशी आहे, फोनमध्ये जुन्या चिठ्ठीचा फोटो होता, तो दाखवून इथूनच घेतली. देव्हाऱ्यातली जुनी टाकून दे, उघडल्यावर एक महिनाच चालते. हे पत्र तुहं मनातल्या मनात झालं की आधी हात धू अन् डाव्या डोळ्यात एक थेंब टाक. खालची पापणी ओढून, बाटलीचं टोक डोळ्याले न लावता. मंग नाकाजवळचा डोळ्याचा कोपरा बोटानं दाबून धर, दोन मिनिटं. आई म्हणेल काऊन टाकते, पिकाचा थांबन. तिले म्हण, दादानं सांगतलं. ह्या एका वेळेले तरी माह्या नावाचं काई खरं होऊ दे. त्याच्यानंतर ऑटो कर अन् सावंगीले ने. जुनी फाईल लोखंडी पेटीत आहे, माह्या शाळेच्या दाखल्याखाली.

अन् पत्र ऑटोत वाच. पहिल्या ओळीपासून, कंसातलं बी. मी जिथं वाचू नको म्हणलो ते सगळं मोठ्यानं वाच. मधी काई गाळू नको, गोड करू नको. तिच्यासाठी मी लय गोड केलं.

मी ह्याच गाडीत बसू शकत होतो. जागा आहे, किसनराव दोनदा म्हणे. पण तुह्या समोर उभा राह्यलो आई, तर तू तोंड माह्या आवाजाकडं करशील अन् मी पुन्हा काईतरी बोलून टाकीन. मले माहीत आहे मी कसा आहो. आधी हे पोचू दे. मी साडेबाराच्या गाडीनं सरळ सावंगीले येतो.

येतो म्हणणं माह्या तोंडी किती टिकते ते तुम्हा दोघींले ठाऊक आहे. म्हणून पिशवी किसनरावजवळ पुढं पाठवून राह्यलो. तिच्यात माहे सगळे कपडे, चादर, चार्जर, टिकाराम दादाजीचा दोर अन् तुही संत्री आहे. माह्याजवळ अंगावरचं अन् तिकिटापुरतं उरलं. एवढ्यावर मी दुसरीकडं कुठं जाऊ शकत नाई.

दवाखान्यात त्याच बाकावर बसशील. मी आलो की मी आधी बोलणार नाई. तू चौकटीले म्हणते तसं मले जे म्हणाचं ते म्हण, सात पिढ्या काढ. उद्यापासून सकाळ संध्याकाळचे थेंब माह्याकडं. डॉक्टरनं विचारलं, घरात कोण असतं, तर ह्या वेळी तू सांग. तू जे सांगशील ते.

किसनरावनं घंटी वाजवली.

जिच्यापुढं पहिल्या ओळीत बसून तू माह्या तोंडून सिनेमा पाह्यला, ती पाटी ज्यानं खोटी वाचली, तो
तुहा
चंदन